पप्पा पुण्याला गेलेत असं सांगून बसलोय, आता काय करू?

या वेळी आलेल्या पत्रांमध्ये तीन पत्रं अशी होती की ती वेगवेगळ्या अंकात टाकणं मला पटलं नाही. तिन्ही सोलापूरचीच आहेत आणि तिन्हींमध्ये आई किंवा वडील गेलेलं एक मूल आहे. नावं अर्थातच छापत नाही, ओळख पटेल अशा एक-दोन गोष्टीही बदलल्यात.

प्रश्न : ताई नमस्कार. मी अशोक चौकाच्या मागच्या बाजूला राहते, घरी विड्या वळते. मिस्टर पॉवरलूमवर होते. चार महिन्यांपूर्वी सकाळच्या पाळीत मागावरच छातीत दुखायला लागलं, दवाखान्यात नेईपर्यंत सगळं संपलं. वय ३६ फक्त. मुलगा सात वर्षांचा आहे, दुसरीत. त्या दिवशी दिरांनी त्याला शाळेतून परस्पर आत्याकडे नेलं आणि पप्पा पुण्याला कामाला गेलेत असं सांगितलं. तेरावा झाल्यावर घरी आणलं. मला सगळ्यांनी बजावलं, पोरासमोर रडायचं नाही, मोठा झाला की कळेल आपोआप. हार घातलेला फोटो पण दिरांच्या खोलीत ठेवलाय. आता तो रोज विचारतो, आज पुण्याच्या हुतात्मा एक्सप्रेसने येणार का. रात्री ती गाडी यायच्या टायमापर्यंत झोपत नाही, आणि झोपला की अंथरूण ओलं करतो, हे तर कधीच बंद झालं होतं. बाकी दिवसभर गल्लीत क्रिकेट खेळतो, हसतो, म्हणून जाऊबाई म्हणतात ह्याला काही फरकच पडला नाही. पण मला एक खटकतंय. आधी हा फार हट्टी होता, पगाराच्या दिवशी पप्पांकडून काहीतरी घेतल्याशिवाय सोडायचा नाही. आता काहीच मागत नाही, दुकानासमोरून नेलं तरी मान खाली घालून चालतो. खरं सांगायचं तर कसं सांगू? आपण खोटं बोललो म्हणून तो परत कधी विश्वास ठेवेल का? की मोठा होईपर्यंत थांबू? सांगा की ओ.

उत्तर : ताई, थांबू नका. या रविवारीच सांगा. कसं सांगायचं ते खाली सविस्तर लिहिते, पण आधी त्या हट्टाबद्दल बोलू, कारण पत्रातली सगळ्यात महत्त्वाची ओळ तुम्ही जवळजवळ शेवटी लिहिलीत.

सात वर्षांच्या मुलाच्या जागी बसून बघा. पप्पा पुण्याला गेले, जाताना मला भेटले नाहीत, एक फोन नाही, आईकडे विषय काढला की आई तोंड फिरवते, काका विषय बदलतात. मग पप्पा का येत नाहीत? या वयाची मुलं उत्तर मिळालं नाही की स्वतःच उत्तर तयार करतात आणि बहुतेक वेळा त्यात दोषी स्वतःलाच धरतात. मी फार हट्ट करायचो म्हणून पप्पा रागावून गेले, मी हट्ट सोडला तर परत येतील. तुमचा मुलगा नेमका हाच विचार करतोय असं मी छातीठोकपणे सांगू शकत नाही, पण दुकानासमोर मान खाली घालून चालणारं पोर बघून माझ्या मनात पहिल्यांदा हेच आलं. घरच्यांनी त्याला दुःखापासून वाचवायला खोटं सांगितलं, मनात वाईट काही नव्हतं, सगळे हादरलेले होते. पण वडील मेले याच्यापेक्षा वडील मला टाकून गेले हे जास्त वाईट आहे ओ. मेलेल्या वडिलांचं प्रेम मुलाकडे राहतं. टाकून गेलेल्या वडिलांचं काय राहणार?

दुसरं म्हणजे त्याला काहीतरी कळलेलं आहेच. गल्लीत पोरं असतात, पोरांच्या आया घरात बोलतात, घरात येणाऱ्या बायका दारातच हळू आवाजात बोलतात, आईच्या कपाळावरचं कुंकू गेलेलं असतं. पुण्याला गेलेल्या माणसाच्या बायकोचं कुंकू कशाला पुसतील हा हिशोब सात वर्षांचं मूल कधी ना कधी लावतंच. फक्त ते विचारणार नाही, कारण घरात हा विषय काढायचा नसतो एवढं त्याला पक्कं समजलंय.

आता सांगायचं कसं. तुम्हीच सांगा, दिरांना किंवा जावेला सांगू देऊ नका, ते शेजारी बसले तर चालेल. रात्री झोपायच्या आधी नको आणि शाळेला जायच्या घाईत तर नकोच, सुट्टीच्या दिवशी सकाळी, पोटात काहीतरी गेल्यावर, घरातच. तुमच्या घरात तेलुगू बोलत असाल तर तेलुगूत सांगा, वडिलांशी तो ज्या भाषेत बोलायचा त्या भाषेत. आणि शब्द साधे वापरा. साधारण असं म्हणता येईल : "तुला एक खूप वाईट गोष्ट सांगायची आहे. पप्पा पुण्याला गेलेले नाहीत. पप्पा मेले. त्यांच्या छातीत हृदय असतं ना, ते कामावर असताना अचानक बंद पडलं. डॉक्टरांना ते परत चालू करता आलं नाही. आम्ही सगळे खूप घाबरलो होतो, तुला कसं सांगायचं कळेना, म्हणून पुण्याचं सांगितलं. ते चुकलं आमचं. आता मी तुला खरंच सांगणार." एवढं झालं की थांबा. लांबवू नका. तो काय करतो बघा.

"मेले" हा शब्द तोंडातून काढणं फार जड जातं, माहितीय मला. पण देवाघरी गेले म्हटलं की मूल विचारतं परत कधी येणार, झोपी गेले म्हटलं की ते झोपायला घाबरतं, आणि देवाला चांगली माणसं लवकर हवी असतात हे वाक्य तर कृपा करून कुणालाही बोलू देऊ नका, मुलं मग चांगलं वागायलाच भितात किंवा देवावर असा राग धरतात की तो कुणाला सांगताही येत नाही. देवाघरची कल्पना तुमच्या श्रद्धेत असेल तर ती नंतर येऊ दे, पण आधी शरीर बंद पडलं हे कळू दे. मेलेल्या माणसाला भूक लागत नाही, थंडी वाजत नाही, दुखत नाही, आणि ते परत येत नाहीत, हे साधारण पाच ते सात वर्षांच्या दरम्यान मुलांना हळूहळू उमजायला लागतं. तुमचा मुलगा अगदी त्या उंबरठ्यावर आहे. म्हणून तो आज समजल्यासारखं मान डोलवेल आणि चार दिवसांनी परत विचारेल, मग दिवाळीला येतील का? वेड लागलंय असं समजू नका, प्रत्येक वेळी तेच उत्तर त्याच शब्दात द्या. तो कंटाळवाणेपणाने एकच प्रश्न विचारत नाही, उत्तर बदलत तर नाही ना हे तपासतोय.

तीन गोष्टी त्याला तुमच्या तोंडून ऐकू आल्याच पाहिजेत, त्याने विचारलं नाही तरी. एक तर तुझ्यामुळे झालं नाही. हट्टाचं नाव घेऊनच सांगा, "तू हट्ट करायचास म्हणून पप्पा गेले असं तुला वाटतं का? हट्टाने कुणी मरत नसतं, पप्पांना तुझा हट्ट पुरवायला आवडायचा." दुसरं, माझं काय होणार? आई पण मरेल का, हा प्रश्न येतोच. मी कधीच मरणार नाही असं खोटं वचन देऊ नका, नुकतंच एक खोटं उघडं पडलेलं असेल. "मी ठणठणीत आहे, मला तुझ्याबरोबर खूप वर्षं राहायचंय, आणि कधी काही झालंच तर आत्या आणि काका आहेत, तू एकटा पडणार नाहीस" असं सांगा, आणि आत्या-काकांशी आधी बोलून घ्या म्हणजे तेही तेच सांगतील. तिसरं म्हणजे रोजचं काय काय तसंच राहणार : हीच शाळा, हीच गल्ली, हेच मित्र. मुलांना हे ऐकायची फार गरज असते आणि मोठी माणसं नेमकं हेच सांगायचं विसरतात.

हे ऐकून तो धाय मोकलून रडेल, किंवा काहीच न बोलता बॅट घेऊन बाहेर पळेल. दोन्ही ठीक. जाऊबाई म्हणतात त्याला फरक पडला नाही, त्यांना सांगा मुलं दुःख घोटाघोटाने पितात, एक घोट घेतात आणि खेळायला पळतात, परत येऊन दुसरा घोट घेतात, कारण एका दमात ते त्यांना झेपतच नाही. मोठ्या माणसासारखं कोपऱ्यात बसून राहिलं तरच दुःख खरं, असं काही नसतं. त्यांचं दुःख पुष्कळदा पोटदुखीतून निघतं, चिडचिडीतून निघतं, शाळेत मारामारीतून निघतं, आणि तुमच्याकडे ते अंथरुणातून निघतंय. त्यासाठी रागावू नका, मोठा झालास ना असं म्हणू नका, भावंडांसमोर विषय काढू नका. रबरी शीट टाका, सकाळी गुपचूप चादर बदला. खरं कळून भीती थोडी कमी झाली की बहुतेक वेळा ते आपोआप कमी होतं. पण दोन-तीन महिन्यांत कमी झालं नाही, किंवा दिवसासुद्धा व्हायला लागलं, लघवीला जळजळ होत असेल, तर एकदा बालरोगतज्ज्ञांना दाखवून घ्या, सगळंच मनातलं असतं असंही धरून चालू नये.

त्याच्यासमोर रडायचं नाही, हे ज्यांनी बजावलं त्यांचं मी मुळीच ऐकणार नाही. आई रडत नाही म्हणजे आईला पप्पांची आठवण येत नाही, किंवा या घरात रडायला बंदी आहे, असंच मूल समजतं. रडा की. फक्त रडताना त्याला सांगा, मला पप्पांची आठवण आली म्हणून रडतेय, थोड्या वेळाने बरं वाटेल, मग आपण जेवू. आणि खरंच जेवा. रडू येतं आणि रडून झाल्यावर माणूस उठतो, हे त्याने बघायला हवं. पण रात्र रात्र त्याला मिठी मारून आता माझं काय होणार असं म्हणणं वेगळं, ते बहिणीपाशी करा, मैत्रिणीपाशी करा, त्याच्यापाशी नको. आणि दिरांना स्पष्ट सांगून ठेवा की "आता तूच घरातला कर्ता पुरुष, आईला सांभाळ" हे वाक्य कुणी बोलायचं नाही. दुसरीतलं पोर आहे ते.

त्याचा निरोप राहून गेलाय. शाळेतून परस्पर नेलं, तेराव्यानंतर आणलं, मधलं काहीच त्याने पाहिलं नाही. तो निरोप अजून देता येतो. त्याला विचारा, पप्पांचा विधी जिथे झाला ती जागा बघायची आहे का? नाही म्हणाला तर सोडून द्या, पुढे कधीतरी विचारेल. हो म्हणाला तर दिवसाउजेडी घेऊन जा, हातात फुलं द्या, आणि तुमच्यात दहन केलं असेल किंवा दफन, ते सांगण्याआधी मेलेल्या शरीराला काहीच जाणवत नाही हे परत एकदा सांगा, नाहीतर मुलं चटका बसला असेल का, मातीखाली श्वास कसा घेत असतील याच विचारात रात्री काढतात. फोटो दिरांच्या खोलीतून तुमच्या खोलीत आणा. आणि एखादी पप्पांची वस्तू त्याची स्वतःची म्हणून द्या, घड्याळ असो, कामावर न्यायचा डबा असो, शर्ट असो, धुतलेला नसला तर उत्तम, वास राहतो त्याला.

आता थोडं तुमच्याबद्दल, कारण मुलाचं पुढे कसं होणार हे सगळ्यात जास्त ज्या गोष्टीवर ठरतं ती म्हणजे मागे राहिलेले आई किंवा वडील कसे उभे राहतात. अमेरिकेत बोस्टन भागात विल्यम वर्डन आणि फिलिस सिल्व्हरमन यांनी आई किंवा वडील गेलेल्या ७० कुटुंबांतल्या १२५ मुलांचा दोन वर्षं पाठपुरावा केला होता, त्यातही हेच ठळकपणे दिसलं, आणि दुसरी एक गोष्ट दिसली जी आपल्याकडे कुणी बोलत नाही : काही मुलांचा त्रास पहिल्या वर्षापेक्षा दुसऱ्या वर्षी जास्त वर आला. आपण वर्षश्राद्ध झालं की संपलं असं धरतो. तेव्हा पुढच्या वर्षी तिसरीत गेल्यावर तो अचानक बिथरला तर हे लक्षात ठेवा. तुमच्यासाठी म्हणजे काय, तर झोप, जेवण, विड्यांच्या कामातून दिवसाला थोडा वेळ तरी कुणाशी बोलणं. आणि कुंकवाचं तुम्ही ठरवा, सासरचे नव्हे. २०२२ साली कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाड ग्रामपंचायतीने कुंकू पुसणं, बांगड्या फोडणं, मंगळसूत्र तोडणं या प्रथा बंद करायचा ठराव केला, पुढे राज्य सरकारनेही बाकीच्या गावांना तसं करायला सांगितलं. एका दिवसात आईचा चेहराच बदलून टाकतात तेव्हा मूल दोन माणसं गमावतं. तुम्हाला टिकली लावावीशी वाटली तर लावा, मुलाला बरंच वाटेल.

अजून एक. "मला पप्पांकडे जायचंय" असं तो म्हणाला तर घाबरून तोंड दाबू नका. या वयात बहुतेक वेळा त्याचा अर्थ फक्त पप्पा हवेत इतकाच असतो. जवळ घेऊन विचारा, म्हणजे काय करायचंय रे तुला? उत्तरात स्वतःला काही करून घेण्याचं आलं तर मात्र त्याच दिवशी दवाखाना. सिव्हिलला मानसोपचार विभाग आहे, आणि १४४१६ हा टेलिमानस या मानसिक आरोग्याच्या सरकारी हेल्पलाइनचा नंबर आहे, फुकट आहे, दिवसरात्र लागतो, मराठीत बोलता येतं.

प्रश्न : महोदया, मी ७१ वर्षांचा निवृत्त माणूस, जुळे सोलापुरात मुलासोबत राहतो. सूनबाई गेल्या दिवाळीच्या आधी स्तनाच्या कॅन्सरने गेल्या. बार्शीला ट्रीटमेंट चालू होती, खूप झुंजल्या. नात १४ वर्षांची, नववीत, नातू पाचवीत. नातीने कमाल केली. सकाळी उठून भावाचा डबा, वडिलांचा चहा, माझ्या गोळ्या, आणि वर्गात नंबरही सोडला नाही. येणारा जाणारा तिचं कौतुक करतो. डोळ्यात पाणी नाही. पण मागच्या आठवड्यात माझी मुलगी माहेरपणाला आली, तिने स्वयंपाकघर आवरायला काढलं, सगळे डबे धुतले, आणि ही शाळेतून आली ती किंचाळायलाच लागली, आत्याला नाही नाही ते बोलली, दार लावून बसली. कारण काय तर डब्यांवर सूनबाईंच्या अक्षरातल्या चिठ्ठ्या होत्या, शेंगाचटणी, धने, राळे अशा, त्या धुताना निघून गेल्या. नुसत्या कागदाच्या चिठ्ठ्यांसाठी एवढं? जानेवारीत सिद्धेश्वरांच्या गड्डा जत्रेलाही आली नाही, दरवर्षी आईबरोबर जायची. मुलाच्या दुसऱ्या लग्नाचं नातेवाईक बोलू लागलेत, तेही तिच्या कानावर गेलं असावं. काय करावं?

उत्तर : काका, नमस्कार. त्या चिठ्ठ्या उरलेल्या आहेत का कुठे? कचऱ्यात गेल्या नसतील तर शोधा, ओल्या असल्या तरी वाळवा. एखाद्या जुन्या वहीत, किराणाच्या यादीत, कॅलेंडरवर दुधाच्या हिशोबात सूनबाईंचं अक्षर सापडेल, ते जपून काढून नातीला द्या. कपाटातल्या साड्या, फोनमधले व्हॉइस मेसेज, चष्मा, काहीही हलवण्याआधी यापुढे दोन्ही मुलांना विचारायचं, असा घरात नियमच करा. ती रोज सकाळी डबा उघडताना आईचं अक्षर वाचत होती काका, तेवढीच भेट होती तिची. आत्याने मुद्दाम केलं नाही हे तिलाही कळतं, दोघींना समोरासमोर बसवा, आत्याने सॉरी म्हणावं, मोठ्या माणसाने आधी.

तुम्हाला जिचं कौतुक वाटतंय तिची मला काळजी वाटतेय. समजूतदार, समजूतदार म्हणत सगळ्यांनी तिच्यावर आईची ड्युटी टाकलीय, कुणी मुद्दाम नाही, पण टाकलीय. आता ती रडली तर घर थांबेल असं तिला वाटतं. घरातली कामं वाटून घ्या. चहा मुलगा स्वतः करू शकतो, गोळ्या तुम्ही डबीत आठवड्याच्या भरून ठेवू शकता, डब्याला एखाद्या पोळीवाल्या मावशी लावा. काढून घेताना मात्र "तू राहू दे" असं एकदम नको, कारण काहीतरी करत राहणं हाच तिचा आधार झालेला असतो, तिला विचारा यातलं तुला काय ठेवायचंय. कदाचित ती चटणी कुटायचं स्वतःकडे ठेवेल.

या वयातल्या मुली-मुलांना मरण म्हणजे काय हे तुमच्या-माझ्याइतकंच कळतं, पण घरच्यांसमोर ती मोकळी होत नाहीत, मैत्रिणीपाशी होतात. मैत्रिणींकडे जाऊ द्या, त्यांना घरी राहायला बोलवा. वडिलांनी तिच्याशी बोलावं, पण समोर बसवून नव्हे, गाडीवरून क्लासला सोडताना, कंबर तलावाला फिरताना, जिथे एकमेकांकडे बघावं लागत नाही तिथे. "आज मला तुझ्या आईची फार आठवण आली" एवढं म्हणून गप्प बसलं तरी चालतं.

एक गोष्ट घरातल्या पुरुषांना सुचणार नाही म्हणून लिहिते. मुलीच्या पाळीचं, कपड्यांचं, अंगातल्या बदलांचं बोलायला आता आत्या किंवा मावशी, कुणीतरी एक बाई तिला हवी, जिला ती रात्री अकरालाही फोन करू शकेल. आणि हा कॅन्सर मलाही होणार का, ही भीती तिच्या मनात असेलच, स्तनाच्या कॅन्सरने आई गेलेल्या मुलींमध्ये ती असतेच असते. गुगलवर वाचत बसण्यापेक्षा तिला एकदा डॉक्टरांसमोर बसवा. स्तनाच्या कॅन्सरमध्ये थेट आनुवंशिक असलेले साधारण शंभरात ५ ते १० असतात, म्हणजे बहुतेकांचा तसा नसतो, आणि सूनबाईंच्या बाबतीत टेस्ट करायची गरज होती का, पुढे नातीने कोणत्या वयापासून तपासणी करायची, हे डॉक्टरच नीट सांगतील. नातवालाही स्पष्ट सांगा की कॅन्सर शिवल्याने, एका ताटात जेवल्याने होत नाही, शेवटच्या दिवसांत आईजवळ झोपला असेल तर तो हेच मनात धरून बसला असेल.

गड्ड्याचं म्हणाल तर तिला नाही जावंसं वाटलं, ठीक आहे. सोलापूरच्या पोरांना संक्रांत म्हणजे नंदीध्वज, अक्षता आणि होम मैदानावरची जत्रा, आणि ती सगळी आईचा हात धरून पाहिलेली, त्या गर्दीत पाऊल टाकणं म्हणजे थट्टा नाही. पुढच्या वर्षी महिनाभर आधी विचारा, कसं करायचं गड्ड्याला यंदा? अक्षतेला फक्त तुम्ही दोघं जाऊन परत यायचं, की जत्रेला मैत्रिणींबरोबर, की यंदाही घरीच, तिला ठरवू द्या. आईचा वाढदिवस, तिथी, पितृपक्ष या दिवसांचंही तसंच. पानात आईच्या आवडीचं काय वाढायचं हे दोन्ही मुलांनी सांगावं.

दुसऱ्या लग्नाबद्दल : मुलाचा तो हक्क आहे, कुणी त्याला नावं ठेवू नये. पण एवढ्यात नको, आणि जेव्हा केव्हा असेल तेव्हा मुलांना ते वडिलांच्या तोंडून कळायला हवं, नातेवाईकांच्या कुजबुजीतून नको. आत्ता मुलाने मुलीला सरळ सांगून टाकावं की लोक बोलतायत, मी काहीही ठरवलेलं नाही, ठरवायची वेळ आली तर आधी तुमच्याशी बोलेन. हे ऐकून तिला किती हलकं वाटेल बघा. नवीन आई आणू, तुझी जागा ती घेईल, असले शब्द घरात नकोत. सूनबाईंची जागा रिकामीच राहणार आहे, येणारी बाई आली तर तिची वेगळी जागा तयार होईल.

ती जेवत नसेल, झोपत नसेल, मैत्रिणी सोडल्या असतील, अंगावर जखमा दिसल्या, किंवा जगून काय उपयोग असं बोलली, तर वाट बघू नका, मानसोपचारतज्ज्ञांकडे न्या. मुलांमध्ये सहा महिने उलटूनही दुःखाची धार जवळजवळ रोज तितकीच असेल, अभ्यास, मैत्री, खाणंपिणं सगळं अडून बसलेलं असेल, तर ते उपचार लागणारं दुःख असू शकतं हे आता डॉक्टरही मानतात. किंचाळणं त्यात येत नाही. ती किंचाळली हे मला तर बरंच वाटलं.

प्रश्न : मी झेडपीच्या शाळेत शिक्षिका आहे, उत्तर सोलापूर तालुक्यात. माझ्या चौथीच्या वर्गातल्या मुलाचे वडील गेल्या महिन्यात अपघातात गेले. सोमवारपासून तो परत येतोय. वर्गात काय बोलू? आई मजुरी करते, त्यांना काही मदत मिळू शकते का?

उत्तर : मॅडम, तो यायच्या आधी घरी जाऊन या, आईला आणि त्याला विचारा की वर्गाला काय सांगितलेलं चालेल. मग सोमवारच्या आधीच, तो नसताना, मुलांना खरं सांगा आणि त्यांच्याकडून प्रश्न येऊ द्या, म्हणजे ते प्रश्न त्याच्या अंगावर पडणार नाहीत. मुलं क्रूर नसतात, त्यांना फक्त काय बोलायचं कळत नसतं, त्यांना एक वाक्य द्या : "तुझे बाबा गेले, आम्हाला वाईट वाटलं, खेळायला येतोस का?" बस. सोमवारी त्याला वर्गासमोर उभं करून दोन मिनिटं शांतता वगैरे काही करू नका. त्याची जागा तीच, मित्र शेजारी, आणि मध्येच रडू आलं तर हात वर न करता उठून ऑफिसमध्ये किंवा नळावर जायची मुभा. वडिलांवर निबंध असेल, पालकसभा असेल, तर आदल्या दिवशी त्याला बाजूला घेऊन विचारा, लिहायचंय का, कुणाला बोलवायचं. बरीच मुलं लिहितात, आणि फार सुंदर लिहितात, फक्त निवडायची संधी द्यायची. गृहपाठ राहिला, लक्ष उडालं तर वर्षभर तरी सांभाळून घ्या, पण शिस्त पूर्ण सोडू नका, सगळ्यांसारखंच आपल्यालाही रागावतात यात मुलांना आधार वाटतो.

मदतीचं : महाराष्ट्र सरकारची क्रांतिज्योती सावित्रीबाई फुले बालसंगोपन योजना आहे. आई किंवा वडील गेलेल्या गरजू मुलांना १८ वर्षांपर्यंत यातून महिन्याला मदत मिळते, २०२३ पासून ती रक्कम २२५० रुपये केलीय. अर्ज जिल्हा महिला व बालविकास अधिकारी कार्यालयात करायचा, मंजुरी बाल कल्याण समितीकडून होते. वडिलांचा मृत्यूचा दाखला, आई आणि मुलाचं आधार, उत्पन्नाचा आणि रहिवासी दाखला, बँक पासबुक, फोटो आणि तुमच्या शाळेचं बोनाफाईड, एवढं साधारण लागतं, बाकी काय ते तिथे विचारून घ्या. अंगणवाडी सेविकेला हे माहीत असतं, तिला सोबत घ्या. पुष्कळ आयांना ही योजना आहे हेच माहीत नसतं, आणि ज्यांना माहीत असतं त्या एका रोजंदारीवर पाणी सोडून शहरातल्या ऑफिसला तीन-तीन चकरा मारू शकत नाहीत. म्हणून बोनाफाईड तुम्ही सोमवारीच काढून ठेवा, आणि जमलं तर एखाद्या सुट्टीच्या आधी अर्धा दिवस रजा टाकून त्यांच्याबरोबर स्वतः जा.